ज्या दाव्यात मी पक्षकार नव्हते, त्या दाव्यातील जप्ती

नागपूरच्या दिघोरीतील आमच्या घराच्या फाटकावर घटस्थापनेच्या सुमारास न्यायालयाचा जो मनाईहुकूम चिकटवला गेला, त्यात माझे नाव कुठेही नव्हते. वादी म्हणून शहरातल्याच एका गृहस्थांचे नाव होते, प्रतिवादी म्हणून ज्यांच्याकडून मी घर विकत घेतले त्या निवृत्त शिक्षकांचे होते आणि मिळकतीच्या वर्णनात मात्र दीड हजार चौरस फुटांचा आमचा प्लॉट, त्यावरचे आमचे बांधकाम आणि चतुःसीमेला आमच्याच शेजाऱ्यांची नावे होती. बेलीफासोबत डफडे वाजवणारा एक माणूस होता, कारण स्थावर मालमत्तेच्या जप्तीची दवंडी देण्याची तरतूद १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत आहे आणि ती अद्याप कायम आहे. मी माझे नोंदणीकृत विक्रीपत्र पुढे केले, तेव्हा बेलीफ सौम्यपणे म्हणाले, “मॅडम, मी फक्त कागद लावून राहिलो, घर काही नेऊन नाही राहिलो. तुमचं जे असेल ते कोर्टात सांगा.” पुढे जे काही झाले ते पाहता, त्यांच्या या बोलण्यात प्रकरणाचा बराचसा कायदा आला होता असे मला वाटते.

मी मेडिकलमधून, म्हणजे शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयातून, परिचारिका म्हणून निवृत्त झाले आणि भविष्य निर्वाह निधी व उपदानाची रक्कम हाती आल्यावर हे घर घेतले. स्त्रीच्या नावे निवासी मिळकत घेतल्यास मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत मिळते, आणि पैसेही माझेच होते, त्यामुळे खरेदी माझ्या एकटीच्या नावे करावी असे यजमानांनीच सुचवले. व्यवहारापूर्वी वकिलांकडून तीस वर्षांचा सर्च रिपोर्ट घेतला, आखीव पत्रिका (प्रॉपर्टी कार्ड) आणि नागपूर सुधार प्रन्यासचे (नासुप्र) नियमितीकरणपत्र, ज्याला आमच्याकडे सगळे ‘आरएल’ म्हणतात, ते तपासले आणि वृत्तपत्रात जाहीर नोटीसही दिली. त्या नोटिशीला कोणाचीही हरकत आली नाही.

आषाढी एकादशीनंतरच्या आठवड्यात मुद्रांक शुल्काचे ई-चलन भरले, अर्जनवीसांनी विक्रीपत्र तयार केले, विक्रेत्यांनी दोन साक्षीदारांसमोर त्यावर सह्या केल्या, मी संपूर्ण किमतीचे डिमांड ड्राफ्ट त्यांच्या हाती दिले आणि त्यांनी ताबापावतीसह किल्ल्या दिल्या. त्याच दुपारी आम्ही दुय्यम निबंधक कार्यालयात गेलो, परंतु सर्व्हर बंद होता. दुसऱ्या दिवशी विक्रेत्यांना ताप भरला, तो डेंग्यू निघाला, त्यांना रुग्णालयात ठेवावे लागले आणि तेथून सुटल्यावर त्यांची मुलगी त्यांना विश्रांतीसाठी पुण्याला घेऊन गेली. नोंदणी अधिनियमाच्या कलम २३ प्रमाणे दस्त करून दिल्यापासून चार महिन्यांच्या आत तो नोंदणीसाठी सादर करता येतो, त्यामुळे कायद्याच्या दृष्टीने घाईचे कारण नव्हते. ते परत आले आणि पोळ्यानंतरच्या मारबतीच्या आठवड्यात नोंदणी पूर्ण झाली. तोपर्यंत आम्ही घरात राहायला येऊन बरेच दिवस झाले होते.

या मधल्या काळात काय घडले होते, ते मला सिव्हिल लाइन्समधील जिल्हा न्यायालयाच्या नक्कल विभागातून प्रमाणित नकला मिळाल्यावर कळले. विक्रेत्यांनी काही वर्षांपूर्वी प्रॉमिसरी नोट लिहून देऊन हातउसनी रक्कम घेतली होती. ती परत न मिळाल्याने वादींनी दिवाणी न्यायाधीश, वरिष्ठ स्तर यांच्याकडे वसुलीचा दावा लावला आणि सोबत दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३८ नियम ५ खाली निकालापूर्वीच्या जप्तीचा अर्ज केला की प्रतिवादी आपले घर विकून टाकण्याच्या बेतात असून तसे झाल्यास उद्या मिळणारा हुकूमनामा (डिक्री) कागदावरच राहील. न्यायालयाने प्रतिवादीला तारण देण्याची अथवा कारण दाखवण्याची नोटीस काढली आणि तोपर्यंत घराची सशर्त जप्ती केली. हा हुकूम राखीपौर्णिमेच्या आगेमागे झाला. विक्रेते पुण्यात असल्यामुळे त्यांचे समन्स न बजावताच परत गेले होते.

म्हणजे दस्तावर सह्या आषाढात, जप्तीचा हुकूम राखीच्या सुमारास, दस्ताची नोंदणी मारबतीच्या आठवड्यात आणि हुकमाची प्रत प्रत्यक्ष घरावर घटस्थापनेला, असा चार तारखांचा क्रम होता. पुढची सगळी लढाई या क्रमाचा अर्थ काय लावायचा आणि त्यातली पहिली तारीख खरी आहे का, एवढ्याभोवतीच फिरली.

जप्तीमुळे आम्हाला घर सोडावे लागेल, अशी नातेवाइकांची समजूत झाली होती. तसे काही नसते. निकालापूर्वीची जप्ती ताबा काढून घेत नाही. ती ऋणकोला मिळकत विकण्यास, गहाण ठेवण्यास किंवा तिच्यावर बोजा निर्माण करण्यास मनाई करते, आणि जप्तीनंतर केलेले खासगी हस्तांतर संहितेच्या कलम ६४ प्रमाणे त्या जप्तीखाली वसूल होऊ शकणाऱ्या मागण्यांच्या विरुद्ध निरर्थक ठरते. आमच्या रोजच्या जगण्यात फरक पडला नाही. मात्र वरच्या मजल्याच्या बांधकामासाठी ज्या बँकेकडे कर्जाचा अर्ज केला होता तिने तो बाजूला ठेवला, आणि आखीव पत्रिकेवर माझे नाव चढवण्याचा फेरफार अर्ज जप्तीची सूचना पोहोचताच अडला. घरात राहायचे, घरपट्टी भरायची आणि तरीही मालक म्हणून कोणत्याच कागदावर पुढे सरकता येऊ नये, अशी ती स्थिती होती.

सल्ले पुष्कळ मिळाले. एका परिचितांचे म्हणणे होते की मूळ दावा फेटाळला गेला तर जप्ती आपोआप उठेल, तेव्हा खर्च कशाला करता. दावा फेटाळल्यावर जप्ती उठते हे खरे आहे, आदेश ३८ चा नियम ९ तसेच सांगतो. पण दावा मंजूर झाला तर काय, याचे उत्तर नियम ११ मध्ये आहे. निकालापूर्वी जप्त झालेली मिळकत हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीत पुन्हा जप्त करावी लागत नाही, हुकूमनामाधारक सरळ तिच्या विक्रीची मागणी करू शकतो. शिवाय आदेश २१ नियम ५८ च्या परंतुकाप्रमाणे, मिळकत विकली गेल्यानंतर केलेला किंवा मुद्दाम अथवा विनाकारण उशिरा केलेला हक्काचा अर्ज न्यायालय विचारातच घेत नाही. ‘बघू पुढे’ म्हणत बसणाऱ्याला कायद्याने ठेवलेली जागा फारच अरुंद आहे.

दुसरा सल्ला असा की वादी आणि विक्रेते दोघांनाही प्रतिवादी करून मालकी जाहीर करून मागणारा स्वतंत्र दावा लावावा. हा सल्ला आमच्याच ले-आउटमध्ये राहणाऱ्या, न्यायालयीन सेवेतून फार वर्षांपूर्वी निवृत्त झालेल्या काकांनी दिला आणि त्यांच्या काळाच्या दृष्टीने तो अगदीच चुकीचा नव्हता. पूर्वी नियम ५८ खालची चौकशी संक्षिप्त असे. जप्तीच्या दिवशी ताबा कोणाचा आणि कोणाकरिता होता एवढ्यापुरती ती मर्यादित राही आणि ज्याच्याविरुद्ध निर्णय जाई त्याला एक वर्षाच्या आत स्वतंत्र दावा लावून आपला हक्क सिद्ध करावा लागे. १९७६ च्या सुधारणेने, जी १ फेब्रुवारी १९७७ पासून लागू झाली, हे सगळे बदलले. आता हक्क, मालकी आणि हितसंबंध यांविषयीचे सर्व प्रश्न अर्ज ऐकणारे न्यायालयच ठरवते, त्यासाठी स्वतंत्र दावा चालत नाही, आणि अर्जावरील निर्णयाला हुकूमनाम्याइतकेच बळ असून त्यावर अपील होते. न्यायालयाने अर्ज विचारात घेण्यासच नकार दिला, तरच वेगळ्या दाव्याची वाट मोकळी राहते. आदेश ३८ नियम ८ सांगतो की निकालापूर्वी जप्त झालेल्या मिळकतीवरील हक्काचा निवाडाही याच पद्धतीने करायचा.

आमच्या वकील मॅडमनी ही गोष्ट पहिल्याच भेटीत फार स्पष्टपणे सांगितली. “याला हरकतीचा अर्ज म्हणतात म्हणून दोन पानांत काम होईल असं समजू नका, सिस्टर. हा तुमच्या मालकीचा दावाच आहे, फक्त दुसऱ्याच्या दाव्यात बसून चालवायचा आहे.” त्यांनी अर्ज तसाच तयार केला. व्यवहाराची बोलणी कधी सुरू झाली, रक्कम कोणत्या खात्यातून कशी गेली, सह्या कुठे व कोणासमोर झाल्या, ताबा कधी घेतला, नोंदणीला उशीर का झाला, हे सर्व तारखेनिशी आणि प्रत्येक विधानामागे कोणता कागद आहे हे दाखवत लिहिले. विनंती मात्र थोडक्यात होती: जप्तीच्या दिवशी प्रतिवादीचा या मिळकतीत कोणताही हक्क उरलेला नव्हता, म्हणून ती जप्तीतून मुक्त करावी.

वादींच्या वकिलांनी दाखल केलेला ‘से’, म्हणजे अर्जाला दिलेले लेखी उत्तर, वाचला त्या दिवशी मी प्रथमच खऱ्या अर्थाने घाबरले. त्यात तीन गोष्टी होत्या. नोंदणी जप्तीच्या हुकमानंतर झाली, म्हणून कलम ६४ प्रमाणे विक्री निरर्थक आहे. विक्रीपत्रावरील आषाढातली तारीख मागाहून टाकलेली आहे आणि सह्या प्रत्यक्षात नोंदणीच्याच दिवशी झाल्या. आणि हे दोन्ही टिकले नाही तरी हा व्यवहार धनकोंना चुकवण्यासाठी केलेला असल्यामुळे मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम ५३ खाली तो टाळता येण्याजोगा आहे. अनोळखी माणसाने आपल्याला लबाड म्हटल्याचा राग मला आला, पण मॅडमना तो ‘से’ चांगला वाटला. समोरच्याने काय सिद्ध करायचे आहे ते आता लेखी आले, असे त्या म्हणाल्या. जप्तीला हरकत घेणाऱ्याविरुद्ध असा कपटाचा बचाव धनकोला घेता येतो, त्यासाठी त्याने वेगळा दावा लावावा लागत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९६० च्या दशकातच ठरवलेले आहे. त्यामुळे तो मुद्दा टाळता येणार नव्हता.

न्यायालयाने मुद्दे काढले. जप्तीच्या वेळी मिळकत माझ्या मालकीची होती हे मी सिद्ध करते का, आणि विक्री धनकोंना फसवण्यासाठी झाली हे वादी सिद्ध करतात का, असे ते दोन मुख्य मुद्दे होते. पहिल्याचा भार माझ्यावर आणि दुसऱ्याचा वादींवर, ही विभागणी मला त्या क्षणी नुसती कोरडी वाटली. प्रत्यक्ष पुराव्याच्या वेळी तिचे मोल कळले.

आता पुराव्याविषयी थोडे विस्ताराने लिहिते, कारण या प्रकारच्या अर्जाचे भवितव्य तेथेच ठरते. विक्रीपत्रावर छापलेली तारीख ही मुळात दोन माणसांनी मिळून केलेले विधान असते, आणि ते दोघेही एका बाजूचे असतील तर तिसऱ्याने त्यावर विश्वास का ठेवावा, असा वादींचा प्रश्न होता. तो प्रश्न रास्त आहे असे मला तेव्हाही वाटले. म्हणून मॅडमनी आमच्या दोघांच्याही हातात नसलेले कागद गोळा करायला सांगितले. मुद्रांक शुल्काच्या ई-चलनावर शासनाच्या प्रणालीने टाकलेली आषाढातली तारीख होती. नोंदणीपूर्वी जी पब्लिक डेटा एंट्री करतात तिच्या प्रतीवरही त्याच आठवड्यातील दिनांक होता. विक्रीपत्रात ज्या डिमांड ड्राफ्टचे क्रमांक लिहिले होते, ते विक्रेत्यांच्या खात्यात कधी जमा झाले हे त्यांच्या बँकेच्या खातेउताऱ्याने दिसत होते, आणि बँकर्स बुक्स एव्हिडन्स अ‍ॅक्ट, १८९१ प्रमाणे प्रमाणित केलेला तो उतारा बँकेच्या अधिकाऱ्याला साक्षीला न बोलावताही वाचता येतो. वीजजोडणी माझ्या नावावर करण्याचा महावितरणकडे दिलेला अर्जही त्याच पंधरवड्यातला होता.

आणि एक कागद असा होता की ज्याकडे मी स्वतः लक्ष वेधले. विक्रेत्यांच्या रुग्णालयातील डिस्चार्ज कार्डावर दाखल झाल्याची तारीख, प्लेटलेटच्या रोजच्या नोंदी आणि सुटल्याची तारीख होती. सर्व्हर बंद पडल्याच्या दुसऱ्याच दिवशी ते दाखल झाले होते, एवढेच वकिलांनी त्यातून घेतले होते. आयुष्यभर असे कागद वाचत आल्यामुळे मला दाखल करतेवेळच्या नोंदीत ‘ताप एक दिवसापासून’ हे शब्द दिसले, म्हणजे सह्यांच्या दिवशी ते कार्यालयात येण्याच्या स्थितीत होते आणि नंतर नव्हते, ही आमची हकिकत त्या नोंदीने जुळत होती. प्रकरणाच्या एकंदर पसाऱ्यात हा मुद्दा लहानच, पण माझ्या व्यवसायातले काहीतरी या फाइलमध्ये उपयोगी पडले याचे मला समाधान वाटले.

तरीही मला विचाराल तर सर्वांत वजनदार कागद इंडेक्स दोन हाच होता. महाराष्ट्रातल्या नोंदणी कार्यालयांच्या या दस्तसूचीच्या उताऱ्यात दस्तऐवज करून दिल्याचा दिनांक आणि दस्त नोंदणी केल्याचा दिनांक असे दोन वेगळे रकाने असतात. बहुतेक लोकांच्या उताऱ्यावर दोन्ही ठिकाणी एकच तारीख असते, त्यामुळे दोन रकाने कशाला, असा प्रश्न कोणाला पडत नाही. आमच्या उताऱ्यावर त्या दोन तारखांत चांगले सात आठवड्यांचे अंतर होते, आणि दुय्यम निबंधकांसमोर विक्रेत्यांनी सही कबूल केली तेव्हा शासकीय नोंदीत पहिली तारीखही गेली होती. त्या वेळी जप्तीच्या हुकमाची माहिती ना निबंधक कार्यालयाला होती, ना आम्हाला.

सरतपासणी शपथपत्रावर झाली. उलटतपासणीला मात्र पिंजऱ्यात उभे राहावे लागले. वादींचे वकील वयस्कर आणि अत्यंत सभ्य होते. त्यांनी एकदाही आवाज चढवला नाही, पण प्रश्न नेमके होते. विक्रेत्यांशी नाते आहे का, नोंदणी न होता संपूर्ण रक्कम का दिली, किंमत शासनाच्या रेडी रेकनर दरापेक्षा कमी आहे की नाही ते ठाऊक आहे का, विक्रेत्यांवर कर्ज आहे हे शेजाऱ्यांकडून ऐकले नव्हते का. “ऐकले होते,” असे मी शेवटच्या प्रश्नाला उत्तर दिले, कारण पतसंस्थेचे कर्ज फेडण्यासाठीच घर विकत आहोत हे विक्रेत्यांनी स्वतः सांगितले होते आणि ते शपथेवर लपवण्याचे मला कारण दिसले नाही. दालनाबाहेर आल्यावर यजमान अस्वस्थ होते. या एका उत्तराने सगळे बुडाले असे त्यांना वाटत होते. मॅडमचे मत उलट होते. कर्ज असलेल्या माणसाने मालमत्ता विकणे हे कपट नव्हे, आणि अनेक धनकोंपैकी एकाचे देणे आधी फेडणे हेही कपट नव्हे. कलम ५३ मध्येच, सद्भावनेने आणि मोबदला देऊन घेणाऱ्याच्या हक्काला बाध येत नाही असे म्हटले आहे. बाजारभावाने, बँकेमार्फत आणि जाहीर नोटीस देऊन घेतलेल्या घराला कपटाचा शिक्का लावायचा तर त्यासाठी संशयापलीकडे काहीतरी हवे होते.

विक्रेतेही साक्षीला आले. याचा मला मनापासून आदर वाटतो, कारण येथे त्यांचा काहीच लाभ नव्हता. घर माझे ठरले काय किंवा त्यांचे, वादींचे देणे त्यांच्या डोक्यावर राहणारच होते. त्यांनी घराच्या किमतीतून पतसंस्थेला केलेल्या भरण्याच्या पावत्या दाखल केल्या आणि वादींचे पैसे देणे आहे हेही नाकारले नाही. विक्रीपत्राला कायद्याने साक्षांकनाची सक्ती नसली, तरी त्यावरील दोघांपैकी एका साक्षीदाराला आम्ही तपासले. अर्जनवीसांनी आपली नोंदवही आणली होती.

युक्तिवादात मॅडमनी आधी साधा कायदा मांडला. नोंदणी अधिनियमाच्या कलम ४७ प्रमाणे नोंदलेला दस्त नोंदणीच्या तारखेपासून नव्हे, तर नोंदणीची गरज नसती तर तो ज्या वेळेपासून अमलात आला असता त्या वेळेपासून अमलात येतो. याच आधारावर सर्वोच्च न्यायालयाने हमदा अम्मल विरुद्ध अवडियप्पा पथार या १९९१ च्या निकालसंग्रहात आलेल्या प्रकरणात ठरवले आहे की जप्तीपूर्वी करून दिलेले आणि जप्तीनंतर नोंदलेले विक्रीपत्र निकालापूर्वीच्या जप्तीपेक्षा वरचढ ठरते. त्याला जोड म्हणून आदेश ३८ नियम १० होता, ज्याप्रमाणे अशी जप्ती, दाव्यात पक्षकार नसलेल्या व्यक्तींच्या जप्तीपूर्वीच्या हक्कांना धक्का लावत नाही. नंतर त्यांनी आणखी एक पाऊल पुढे टाकले. जप्तीचा हुकूम होणे ही एक गोष्ट आणि हुकमाबरहुकूम दवंडी देऊन, प्रत डकवून प्रत्यक्ष जप्ती होणे ही दुसरी, असे प्रिव्ही कौन्सिलने १९२८ मध्ये मुथय्या चेट्टी प्रकरणात सांगितले होते. त्या हिशोबाने पाहिले तर प्रत्यक्ष जप्ती घटस्थापनेच्या सुमारास झाली आणि तोवर नोंदणीसुद्धा उरकली होती. बेलीफाचा अहवाल प्रकरणात आधीपासूनच दाखल होता. त्यावरची तारीख वादींनाही नाकारता येत नव्हती.

निकालापूर्वीची जप्ती हे असाधारण साधन आहे आणि तारण नसलेल्या कर्जाला तारण मिळवून देण्यासाठी ते वापरू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने रमण टेक या २००८ च्या निकालसंग्रहात आलेल्या प्रकरणात बजावले आहे. तो मुद्दाही मॅडमनी टिपणात घातला होता, पण त्यावर फार वेळ घालवला नाही. वादींना जप्ती मिळायला हवी होती की नाही हा वादी आणि प्रतिवादी यांच्यातला प्रश्न. माझा प्रश्न एवढाच की ती माझ्या घरावर बसते का. या संयमाचे महत्त्व मला नंतर पटले. न्यायालयाला ज्याची गरज नाही ते सांगत राहिले, की ज्याची गरज आहे तेही हरवून जाते.

निकाल लागायला दुसरा पावसाळा उजाडला. मध्यंतरी एका तारखेला न्यायाधीश रजेवर, एका तारखेला वादींचे वकील उच्च न्यायालयाच्या खंडपीठात अडकलेले, असे नेहमीचे चालूच होते. ई-कोर्ट्स अ‍ॅपवर सोळा अक्षरी सीएनआर क्रमांक टाकून पुढची तारीख पाहण्याची सवय मुलाने लावून दिली, त्यामुळे निदान फुकटचे हेलपाटे टळले. आदेशात न्यायालयाने मुद्रांकाचे चलन, बँकेचा उतारा आणि इंडेक्स दोन यांचा एकत्रित विचार करून दस्त आषाढातच करून दिल्याचे मान्य केले, कलम ४७ चा परिणाम सांगितला, कपटाचा मुद्दा सिद्ध झाला नाही असे नोंदवले आणि मिळकत जप्तीतून मुक्त केली. वादींना मूळ दावा पुढे चालवण्यास यामुळे काही अडचण नाही हेही त्यात स्पष्ट होते, आणि तसे असणे मला योग्यच वाटले. त्या गृहस्थांचे पैसे खरोखरच गेले होते.

आदेश झाला म्हणजे काम संपले, असे नाही. त्याला हुकूमनाम्याचे बळ असल्यामुळे वादी अपिलात जाऊ शकत होते. म्हणून मॅडमनी त्याच आठवड्यात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४८अ खाली कॅव्हेट दाखल केले, जेणेकरून अपिलात आम्हाला न ऐकता स्थगिती मिळू नये. ते नव्वद दिवस टिकते. नगर भूमापन कार्यालयात मी प्रमाणित नकलेसह अर्ज दिला, तेव्हा जप्तीची नोंद न्यायालयाच्या पत्रावरून घेतलेली असल्यामुळे ती कमी करण्यासाठीही न्यायालयाचेच पत्र लागेल असे सांगण्यात आले. ते म्हणणे बरोबर होते. त्यासाठी न्यायालयात वेगळा अर्ज करून पत्र काढून घेतले, दुय्यम निबंधकांनाही त्याची प्रत पाठवली आणि दोन्हीकडची पोच फाइलमध्ये लावली. अपिलाची मुदत काहीही न होता संपली. वादींनी आपला मोर्चा विक्रेत्यांच्या इतर मालमत्तेकडे वळवल्याचे नंतर रोजनाम्यावरून दिसले.

आखीव पत्रिकेवरची जप्तीची नोंद कमी होऊन माझे नाव चढले ते त्यानंतरच्या दिवाळीच्या आधी. बँकेने बांधकाम कर्जाचा जुना अर्ज रद्द समजून नवा मागितला आणि त्यासोबत न्यायालयाच्या आदेशाची प्रमाणित नक्कल, न्यायालयाच्या पत्राची प्रत आणि अद्ययावत आखीव पत्रिका जोडायला सांगितली. मी नकला मागवतानाच प्रत्येकी तीन घेऊन ठेवल्या होत्या, त्यामुळे तो अर्ज त्याच दिवशी भरून दिला.